फ्रेममधले पाय

कळंबोलीजवळच्या रोडपालीतल्या एका जुन्या इमारतीत अरुंधतीने आपल्या फ्लॅटची आतली खोली स्टुडिओसाठी मोकळी केली होती. भिंतींना गाद्या ठोकलेल्या, खिडकीवर जाड गोधडी, मधोमध माइक. तरीही न्हावा शेवा बंदराकडे निघालेला एखादा ट्रेलर खालून गेला की फरशीला बारीक थरथर यायची. मग अरुंधती हात वर करायची आणि किशोरी थांबायची.

"आता नुसता श्वास," अरुंधती म्हणाली. "पाण्यात शिरण्याआधी घेतेस ना, अगदी तसा."

किशोरीने डोळे मिटले आणि आधी पोट, मग छाती, मग पार गळ्यापर्यंत श्वास भरून घेतला. हे तिच्या अंगवळणी पडलेलं होतं. पाठीवर हवेचा सिलिंडर न घेता, एका श्वासाच्या जोरावर खोल जायचं आणि परत यायचं. फ्रीडायव्हिंग म्हणतात त्याला. पनवेलच्या जलतरण तलावावर ती मुलांना पोहायला शिकवायची आणि सुट्टी मिळाली की खोल पाणी शोधत हिंडायची. विश्वजीतची फिल्म तिच्यावरच होती. पाण्याखाली गेल्यावर माणसाला नेमकं काय वाटतं, ते त्याला पडद्यावर आणायचं होतं. अरुंधती त्या फिल्मचं एडिटिंग करत होती. विश्वजीत कामासाठी गोव्याला गेला होता आणि तो यायच्या आत आवाजाचं काम उरकून ठेवायचं होतं.

"सुंदर," अरुंधती म्हणाली. "आता शेवटचा सीन. हा पडद्यावर बघत बघत कर. श्वास विरत विरत जायला हवा आणि मग एकदम शांतता. विश्वजीतला तसं हवंय."

पडद्यावर हिरवं पाणी आलं. किशोरीने ते लगेच ओळखलं. उरण रस्त्याला आतल्या बाजूला एक बंद पडलेली दगडखाण आहे, तिच्यात वर्षानुवर्षं पाणी साचून राहिलंय. आसपासचा सगळा समुद्र गढूळ, पण त्या खाणीत पार तळापर्यंत दिसतं. निम्मी फिल्म त्यांनी तिथेच केली होती. तळाशी दगड कापून झालेल्या पायऱ्या, गंजलेली लोखंडी शिडी आणि त्या पायऱ्यांवरून तरंगत जाणारी ती स्वतः. अंगात पिवळा सूट.

पिवळा सूट पाहून तिचा श्वास अडला. तो सूट तिने एकदाच घातला होता. आणि त्याच दिवशी ती बुडाली होती.

पडद्यावरची किशोरी वर यायला लागली. पाय लयीत हलत होते, चेहरा शांत होता. पृष्ठभाग जवळ आला, उजेड तिच्या केसांवर पसरला आणि तिथेच पाय थांबले. मान एका बाजूला कलली. हात आपोआप फाकले. तोंडातून बुडबुड्यांची एक माळ सुटून वर गेली आणि ती सावकाश खाली यायला लागली, झाडावरून पान यावं तशी. कॅमेरा स्थिर होता. नाही, स्थिरसुद्धा नव्हता. तो अगदी हलकेच डावीकडे सरकला. ती चौकटीच्या बरोबर मधोमध यावी म्हणून.

मग पडदा काळा झाला.

"तुझा श्वास आलाच नाही," अरुंधती म्हणाली. "परत लावू?"

किशोरीने कानांवरचे हेडफोन काढले. "ताई, हे फुटेज कुठून आलं?"

"म्हणजे?"

"त्या दिवशी कॅमेऱ्यात पाणी गेलं होतं. फुटेज वाया गेलं होतं."

"अगं, मला वाटलं हे तुम्ही दोघांनी मिळून ठरवलंय. विश्वजीतनेच दिलं. म्हणाला, फिल्म यावरच संपणार."

किशोरीच्या डोक्यात गेलं वर्ष उलटसुलट फिरायला लागलं. शुद्धीवर आली तेव्हा ती खाणीच्या काठावर पडली होती आणि विश्वजीतचा चेहरा तिच्यावर वाकलेला होता. तो रडत होता. त्याने सांगितलं होतं, तुझी मान कलंडलेली दिसली आणि मी कॅमेरा सोडून दिला. तसाच गेला तो तळाला. कॅमेऱ्याचं काय, कॅमेरे पुष्कळ मिळतील. नंतर खाली जाऊन त्याने तो वर काढला म्हणे, पण तोवर आत पाणी गेलं होतं.

या एका गोष्टीवर तिचा जीव जडला होता. विश्वजीत जाहिराती करणारा, मोठमोठ्या लोकांत उठबस असलेला. त्याला आपल्यासारखीचं काय कौतुक, फिल्म झाली की निघून जाईल, असं ती आधी स्वतःला बजावायची. पण जो माणूस आपल्यासाठी हातातला कॅमेरा सोडतो त्याच्यावर संशय घ्यायचा कसा? दिवाळीनंतर साखरपुडा करायचा ठरलं होतं. तिच्या आईने, शांतीने, मासळीबाजारात सगळ्यांना सांगून टाकलं होतं की जावई नाय, देव हाय. माज्या पोरीला पाण्यातून वर काढली त्यानं. रविवारी तो जेवायला आला की शांती सुरमईच्या मधल्या तुकड्या त्याच्या ताटात वाढायची.

"ताई, मला पूर्ण दाखवा," किशोरी म्हणाली. "कापायच्या आधीचं."

"किशोरी, तो आल्यावर बघ ना. मला त्यात नको घेऊस."

"अंग माझं आहे ते. मला बघू दे."

अरुंधतीने खुर्ची संगणकाकडे वळवली, फायली शोधल्या आणि उठून दारापाशी जाऊन उभी राहिली, आपण त्या खोलीत नसल्यासारखी.

फुटेज पाण्याच्या वरपासून सुरू होत होतं. विश्वजीत छातीएवढ्या पाण्यात उभा असावा. कॅमेरा त्याच्या हातात होता आणि अर्धी चौकट आकाशाची होती. समोर किशोरी तरंगत्या रिंगला धरून धापा टाकत होती आणि तिच्या शेजारी रूपा होती.

रूपा तिची लहानपणापासूनची मैत्रीण. उरणच्या कोळीवाड्यात दोघींची घरं भिंतीला भिंत लावून होती. किशोरीच्या बापाने, काशिरामने, दोघींना एकाच दिवशी खाडीत ढकलून पोहायला शिकवलं होतं. काशिराम गेल्यावर किशोरी आणि शांती पनवेलला आल्या, तशी रूपाही मागोमाग तलावावर जीवरक्षक म्हणून लागली. किशोरी खोल जायला शिकली तेव्हापासून वर कोण राहणार हा प्रश्नच कधी पडला नाही. या खेळात तो एकच नियम मोडायचा नसतो: एक खाली गेला की दुसरा वर, त्याच्यावर डोळा ठेवून. कारण शुद्ध जाते ती बहुतेक वर येताना, शेवटच्या टप्प्यात. दुखत नाही, गुदमरत नाही, ज्याची जाते त्याला कळतसुद्धा नाही. ते दुसऱ्यानेच पाहायचं असतं.

"एक शेवटचा घेऊ," पडद्यावर विश्वजीतचा आवाज आला.

"तिचा दम नाय बसला अजून," रूपा म्हणाली. "जरा थांबा."

"ऊन चाललंय गं. किशोरी, जमेल ना?"

पडद्यावरच्या किशोरीने मान हलवली. हो म्हणाली. तिला आता ते आठवलं.

"आणि रूपा, तू काठावर जाऊन बस. तुझे पाय येतायत फ्रेममध्ये. मागचे सगळे टेक त्यानेच गेले."

"ती वर येताना मी हितं पायजे."

"मी आहे ना खाली! माझ्याकडे सिलिंडर आहे, मी तिच्याहून जास्त वेळ आत राहू शकतो. जा तू."

रूपा किशोरीकडे पाहत होती. किशोरी डोळे मिटून श्वास भरत होती. तिला यातलं काही ऐकू गेलं नव्हतं. तशी ती त्या वेळी कुणाचंच ऐकत नसे. रूपा सावकाश पोहत काठाकडे गेली.

मग तोच हिरवा प्रवास. त्याच पायऱ्या, तीच शिडी. पाय थांबले, मान कलली, हात फाकले. इथे पडदा काळा झाला नाही. किशोरी खाली येत राहिली. कॅमेरा तिच्याबरोबर सावकाश खाली येत राहिला. विश्वजीतचा हात पुढे आला नाही. किशोरीने वाट पाहिली. आपण मेलेलो नाही हे माहीत असूनही खुर्चीत बसून तिने त्या हाताची वाट पाहिली.

आणि वरचं पाणी फाटलं. कुणीतरी डोकं खाली करून सरळ आत घुसलं. पायात पोहायचे फिन्स नाहीत, डोळ्यांवर मास्क नाही, अंगात टी-शर्ट. रूपाने काखेत हात घालून किशोरीला धरलं, एक पाय कॅमेऱ्यावर आपटला, चित्र हेलकावलं. ती लाथा मारत मारत तिला वर घेऊन गेली. कॅमेरा त्या दोघींच्या मागोमाग वर आला. पाण्याबाहेर आल्यावर रूपाचा आवाज फुटका, घोगरा ऐकू आला. "किशे, घे. श्वास घे. किशे, मी हाय, घे श्वास." ती तिच्या गालांवर चापट्या मारत होती, डोळ्यांवर फुंकर घालत होती. आणि मग विश्वजीतचा आवाज, "गाडी बघ रस्त्यावर! पळ, कुणाला तरी थांबव!" रूपा धावत सुटली, अनवाणी, दगडांवरून.

त्यानंतर फुटेज संपलं.

म्हणूनच तर शुद्धीवर आली तेव्हा रूपा तिथे नव्हती.

किशोरी जिना उतरून खाली आली आणि बसस्टॉपकडे न जाता नुसती चालत सुटली. कळंबोलीच्या चौकात ट्रकांची रांग लागली होती, हॉर्न वाजत होते. तिला हॉस्पिटलचा दिवस आठवत होता. विश्वजीत पलंगाशी बसून हळू आवाजात सांगत होता, "रूपाला काही बोलू नकोस. कंटाळली असेल बिचारी. काठावर जाऊन बसली होती." मग रूपा आली, पायाला पट्टी बांधलेली. किशोरीने विचारलं होतं, "तू काठावर होतीस?" रूपा म्हणाली होती, "होते." आणि पुढे काही न बोलता विश्वजीतकडे बघत उभी राहिली होती. तो मोबाइलमध्ये काहीतरी शोधत होता. किशोरीने तोंड भिंतीकडे फिरवलं होतं.

तेवढ्यावर ती थांबली नव्हती. तलावाचे व्यवस्थापक गुरुदत्त यांना तिने स्वतः सांगितलं होतं की रूपाच्या भरवशावर पोरं पाण्यात सोडू नका. रूपाची नोकरी गेली. पनवेलच्या मासळीबाजारात शांती आणि उरणहून येणारी रूपाची आई शेजारी शेजारी बसायच्या. शांतीने आपली टोपली उचलून पार दुसऱ्या टोकाला नेली. रूपाचे फोन येत राहिले. किशोरीने एकही उचलला नाही, आणि मग ते यायचे बंद झाले.

विश्वजीत परतला त्या संध्याकाळी तिने त्याला वडाळे तलावावर बोलावलं. तो हसत आला, गोव्याहून तिच्यासाठी शिंपल्यांचं कानातलं आणलेलं. फिरायला आलेल्या बायका त्यांच्या बाजूने जात-येत होत्या. किशोरी कट्ट्यावर बसली होती. तिने प्रस्तावना केली नाही.

"मी फुटेज पाहिलं. सगळं."

त्याचं हसू एकदम गेलं नाही. चेहऱ्यावर थोडा वेळ तसंच राहून गेलं. "अरुंधतीने दाखवलं?"

"तिच्यावर ढकलू नकोस. कॅमेरा सोडला म्हणालास ना?"

तो तिच्या शेजारी बसला. "किशोरी, ऐक. पहिले काही क्षण मला कळलंच नाही. मला वाटलं तू करतेयस ते. इतकं सुंदर दिसत होतं ते... मी व्ह्यूफाइंडरमधून बघत होतो. त्यातून सगळंच सीनसारखं वाटतं."

"आणि नंतर?"

"नंतर रूपा आलीच."

"ती आली नसती तर?"

समोर कमळाच्या पानांवरून एक पाणकोंबडी तुरुतुरु पळत गेली. किशोरी त्याच्या उत्तरासाठी थांबली होती. खोटं बोलला असता तरी तिने ऐकून घेतलं असतं, इतकं तिला ते हवं होतं. पण तो म्हणाला, "असे प्रश्न विचारून काय होणार आता? तू आहेस ना समोर."

"रूपाला तू काठावर धाडलंस. आणि मला सांगितलंस ती कंटाळून गेली."

"तू शुद्धीवर आलीस आणि माझ्याकडे असं काही बघितलंस की..." त्याने हातातली कानातल्याची पुडी कट्ट्यावर ठेवली. "माझ्याकडे तसं कधी कुणी बघितलं नव्हतं. मी काही ठरवून बोललो नाही. तोंडातून निघून गेलं. मग ते मोडवेना."

"वर्षभर?"

"मी तुझ्यावर प्रेम करतो. ते तर खोटं नाही."

यावर तिला राग येईल असं तिला वाटलं होतं. आला नाही. "तो शॉट काढून टाक," ती म्हणाली.

"तो काढला तर फिल्ममध्ये राहतं काय?"

पटकन बोलून गेला तो. बोलल्यावर त्याच्याही ध्यानात आलं असावं, कारण त्याने तिचा हात धरायला हात पुढे केला. तिने आपला हात मांडीखाली घेतला. एवढं वर्ष तिने त्याला काय काय सांगितलं होतं. बापाची आठवण, खाली गेल्यावर कानात येणारा स्वतःच्याच रक्ताचा आवाज, तळाशी टेकल्यावर वाटणारी माया. तो सगळं ऐकून घ्यायचा. ते सगळं काढून ठेवलं तरी चालणार होतं. एक शॉट तेवढा निघता कामा नये.

"तू परवानगी दिली आहेस," तो आता समजुतीच्या सुरात म्हणाला. "कॅमेऱ्यासमोर दिलीयेस. आणि ही फिल्म तुझीच आहे, तुझंच नाव होईल. असा शॉट कुणाकडे नाही, किशोरी. जगात कुणाकडे नाही."

"माझा आवाज मिळणार नाही तुला. श्वाससुद्धा नाही."

तो उठून उभा राहिला, पँटवरची धूळ झटकली. रागाने नाही, थकल्यासारखा म्हणाला, "श्वास कुणाचाही चालतो गं. ऐकणाऱ्याला थोडाच कळतो."

तो गेल्यावर ती बराच वेळ तिथेच बसून राहिली. कानातल्याची पुडी कट्ट्यावर राहिली होती. एक आजीबाई ती उचलून तिला द्यायला आल्या, तर ती म्हणाली, "माझी नाही."

घरी जाऊन तिने आईला सांगितलं. शांती कोळंबी सोलत होती. ऐकता ऐकता तिचे हात थांबले. बराच वेळ तिला नीट समजेना, मग समजलं, तशी ती म्हणाली, "म्हंजे मी वरीसभर त्याला जेवाया घातला, आन् जिनं तुला काढली तिच्या आयशीला तोंड दाखवलं नाय?" आणि कोळंबीच्या हातांनीच तिने डोळ्यांना पदर लावला. दुसऱ्या दिवशी तिने टोपली उचलली आणि रूपाच्या आईच्या शेजारी नेऊन ठेवली. रूपाच्या आईने तिच्याकडे पाहिलं नाही, पण आपला पाट थोडा सरकवून जागा केली. दुपारपर्यंत दोघी तशाच शेजारी बसल्या. मासळी तेवढी विकली.

किशोरीला इतकं सोपं नव्हतं. ती उरणला गेली तेव्हा रूपा घराच्या ओट्यावर बसून केस विंचरत होती. तिला आता बंदराजवळच्या एका कंटेनर यार्डात फाटकावर काम मिळालं होतं. येणाऱ्याजाणाऱ्या गाड्यांचे नंबर बघत दिवसभर धुळीत उभं राहायचं. किशोरीला पाहून तिने फणी थांबवली नाही.

"आलीस," ती म्हणाली.

"रूपे, मी पाह्यलं. त्याच्याकडं सगळं हाय. तू उडी मारलीस ते, त्यानं तुला काठावर धाडलं ते." किशोरीने मोबाइल काढला. अरुंधतीने न बोलता तेवढा तुकडा तिला पाठवून दिला होता. "हे बघ."

"मला कशाला दावतेस? मी व्हते तिथं."

किशोरीने मोबाइल परत ठेवला. गल्लीत कुणीतरी जाळं वाळत घालत होतं. "तू बोलली का नाय गो मला? हास्पिटलात एकदा तरी बोलायचंस."

"तू इचारलंस काय? काठावर व्हतीस का. व्हते. मग तू तोंड फिरवलंस." रूपाने केसांचा गुंता ओढून सोडवला. "तो बोलंल म्हणून मी उभी राह्यले. तो नाय बोलला ते सोड, तो कोण माझा? तू फोन नाय उचललास. लहानपणापासून वळखतेस मला. तुला वाटलं मी तुला टाकून काठावर बसंन?"

"वाटलं," किशोरी म्हणाली. तिला खोटं बोलता आलं नाही. "त्यानं सांगितलं आन् मला खरं वाटलं."

"तेच."

विश्वजीतने तिच्याशी जे केलं त्याचा राग घेऊन ती आली होती. इथे बसल्यावर तिला दिसलं की त्याच्या खोट्याचं उरलेलं काम तिने स्वतःच पुरं केलं होतं. विश्वजीत तिचा कोण होता तेव्हा? एक ओळखीचा माणूस. आणि त्याच्या एका वाक्यावर तिने रूपाला सोडून दिलं.

"मी काय करू सांग," ती म्हणाली.

रूपाने वेणी घातली, टोकाला रबर गुंडाळला. "त्या तलाववाल्या सायबाला सांगून ये. मला नोकरी नको परत. पन माझ्या हातनं कोण बुडालं नाय, हे त्याला कळाया पायजे."

किशोरीने गुरुदत्तांना सांगितलं. एकट्याला नाही, सकाळची बॅच सुटल्यावर सगळे जीवरक्षक आणि शिक्षक चहाला जमले होते, त्यांच्यासमोर सांगितलं. गुरुदत्त म्हणाले, "मॅडम, तुम्ही बोललात म्हणून आम्ही तिला काढलं," आणि ती म्हणाली, "हो. मी बोलले म्हणूनच."

फिल्म पावसाळ्याच्या आधी पुरी झाली. त्यात श्वास दुसऱ्याच कुणाचा तरी होता. परदेशातल्या एका महोत्सवात ती गाजली, मग मुंबईत दाखवली गेली, मग पनवेलमध्येही. किशोरी गेली नाही. पण बघून आलेले लोक बाजारात, रिक्षात, तलावावर तिला गाठायला लागले. शेवटचा सीन बघून रडू आलं, म्हणायचे. एका विद्यार्थिनीची आई तर तिचे दोन्ही हात धरून म्हणाली, "त्यांनी तुम्हाला कसं वाचवलं असेल हो!"

"त्याने नाही वाचवलं," किशोरी म्हणाली. "रूपा नावाची माझी मैत्रीण आहे. तिने काढलं मला. तो शूटिंग करत होता."

ती बाई गोंधळली, हात सोडून बाजूला झाली. असं पुष्कळदा झालं. काहींना पटायचं, काहींना वाटायचं की लग्न मोडल्यामुळे ही आता असं बोलतेय. कुणीतरी ते विश्वजीतच्या कानावरही घातलं. त्याचा मेसेज आला, की तू हे थांबवलंस तर बरं. तिने उत्तर दिलं नाही आणि बोलायचंही थांबवलं नाही.

खोल पाण्यात मात्र ती गेली नाही. तलावावर छातीएवढ्या पाण्यात उभी राहून पोरांना हातपाय मारायला शिकवायची. वर कुणाला ठेवायचं? तिला कितीतरी लोक म्हणाले, आम्ही राहू. ती नको म्हणायची. डोळे मिटून श्वास भरायला घेतला की तिला विश्वजीतचा तो आवाज ऐकू यायचा, मी आहे ना खाली, आणि डोळे आपोआप उघडायचे. जी एक जागा तिला घरासारखी होती तिथली निवांत वाट त्याने तिच्याकडून काढून घेतली होती, आणि ते कुणाला दाखवता येण्यासारखं नव्हतं.

रूपा कधी फोन उचलायची, कधी नाही. उचलला तरी बोलणं कामापुरतं. पुढच्या वर्षी नारळी पौर्णिमेनंतर होड्या परत सुरू झाल्या, तेव्हा एका रविवारी सकाळी तिचाच फोन आला.

"भावाचं जाळं खडकात अडकलंय. नवं हाय, कापवत नाय. ये."

होडीवर तिघंच होती. रूपाचा भाऊ नीलेश सुकाणूवर बसला होता. जागेवर पोचल्यावर किशोरीने पिशवीतून मास्क काढला आणि रूपाकडे बघितलं. "मी जाऊ?"

"नको. मीच जाते," रूपा म्हणाली. ती कमरेला दोरी बांधत होती. बांधून झाल्यावर तिने दोरीचं दुसरं टोक हातात घेतलं आणि कुणाकडे द्यावं असा विचार करत तशीच उभी राहिली. नीलेशने हात पुढे केला. रूपाने किशोरीकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग ते टोक किशोरीच्या हातात दिलं आणि पाण्यात उतरली.

पाणी चहासारखं गढूळ होतं. हातभर खालीही काही दिसत नव्हतं. किशोरी होडीच्या काठावर पोटावर पालथी झाली आणि दोरी दोन्ही मुठींत धरून राहिली. दोरी सरसर खाली गेली, थांबली, थोडी हलली. खाली ती जाळं चाचपत असेल. दोरी ताणली गेली, सैल पडली, पुन्हा ताणली गेली. नीलेश काहीतरी विचारत होता. तिने मान वर केली नाही. तिच्या लक्षात आलं की आपणही श्वास रोखून धरलाय, आणि तिने तो मुद्दाम सोडला. इथे तिला सावध राहायचं होतं.

दोरीला झटका बसला. किशोरीने ओढायला सुरुवात केली आणि रूपाचं डोकं होडीशेजारी वर आलं. तिने मोठा श्वास घेतला, नाकातलं पाणी झटकलं, कडेला हात टाकला. जाळ्याचा एक पदर तिच्या मुठीत होता.

"सुटलं काय?" नीलेशने विचारलं.

"अर्धं. दम घेते आन् परत जाते." मग ती किशोरीकडे वळली आणि कपाळाला आठी घालून म्हणाली, "वढतेस किती गो? जरा सैल धर. पोट कापलं माझं."

किशोरीने मूठ थोडी सैल केली. टोक मात्र मनगटाला दोन वेढे देऊन धरून ठेवलं.